लोहाराचा, लोहाराची

२००४ सालच्या सप्टेंबरमधली एक रविवारची पहाट आमच्या अजून लक्षात आहे. आम्ही तेव्हा मराठी घेऊन एम. ए. करीत होतो. वसतिगृहाच्या सामायिक खोलीत टीव्हीवर अमेरिकन ओपन टेनिसचा महिलांचा अंतिम सामना चालू होता. तिकडे न्यूयॉर्कमध्ये शनिवारची रात्र होती. टेनिसमधले आम्हाला फारसे काही कळत नव्हते, परंतु परीक्षा दूर होती आणि झोप उडाली होती, एवढे कारण त्या वयात पुरेसे असते. दोन्ही खेळाडू रशियन होत्या. एकीचे नाव येलेना देमेंतिएवा आणि दुसरीचे स्वेतलाना कुझ्नेत्सोवा. एकोणीस वर्षांच्या कुझ्नेत्सोवाने सामना ६-३, ७-५ असा जिंकला. त्याच वर्षी फ्रेंच ओपन मिस्किनाने आणि विंबल्डन शारापोवाने जिंकले होते. तीन मोठ्या स्पर्धा आणि तीन रशियन मुली, याचेच कौतुक समालोचक करीत होते.

शेजारी बसलेला आमचा एक मित्र रशियन भाषेचा अभ्यासक्रम करीत असे. तो सहज म्हणाला, "कुझ्नेत्सोवा म्हणजे लोहारीण." मग थोडे थांबून त्याने स्वतःलाच दुरुस्त केले. "लोहारीण नव्हे. लोहाराची."

त्या दुरुस्तीने आम्ही खरे जागे झालो.

मित्राने सांगितले ते असे. रशियनमध्ये 'कुझ्नेत्स' म्हणजे लोहार. त्याला लागलेला 'ओव' हा मुळात स्वामित्व दाखवणारा प्रत्यय आहे. 'कोणाचा?' या प्रश्नाचे तो उत्तर देतो. लोहाराचा मुलगा तो कुझ्नेत्सोव आणि लोहाराची मुलगी ती कुझ्नेत्सोवा. पुढे हे विशेषण गोठले आणि त्याचे आडनाव झाले, पण लिंगाप्रमाणे बदलण्याची त्याची सवय गेली नाही. आपल्या 'चा, ची, चे' प्रत्ययांचे काम रशियन आडनाव शेवटच्या अक्षरांत करते. व्याकरणाच्या तासाला षष्ठी विभक्ती शिकताना किंवा पुढे शिकवताना ही गोष्ट आम्हाला कोणी सांगितली असती तर ती विभक्ती इतकी कोरडी वाटली नसती.

आम्ही जागे झालो त्याचे कारण मात्र व्याकरणाच्या बाहेरचे होते. आमचे आजोबा गावचे लोहार होते. फाळ शेवटून देणे, गाडीच्या चाकाला धाव चढवणे, विळे-कुऱ्हाडींना पाणी पाजणे ही त्यांची कामे, आणि सुगीला खळ्यावर मिळणारे बलुते ही त्यांची मिळकत. लहानपणी गावी गेलो की पारावरची म्हातारी माणसे विचारीत, "कुनाचा रं तू?" आमच्या चुलत भावंडांचे उत्तर ठरलेले असे : "लोहाराचा." आम्ही मात्र गप्प राहत असू. कारण शाळेच्या हजेरीपटावर आमचे आडनाव गावाच्या नावाला 'कर' जोडून केलेले होते, आणि गावातच उभे राहून आपण या गावचे आहोत असे सांगण्यात काही अर्थ नव्हता.

हे आडनाव आमच्या वडिलांनी घेतले होते. तालुक्याच्या हायस्कुलात शिकताना, हजेरी घेताना त्यांचे जुने आडनाव आले की कोणीतरी बाकावर मूठ आपटून घणाचा आवाज काढी आणि वर्ग हसे. शिकवणारेही कधी त्या हसण्यात सामील होत. पुढे कारकुनाची नोकरी लागल्यावर वडिलांनी रीतसर अर्ज केला आणि राजपत्रात आडनाव बदलल्याची नोंद करून घेतली. ते कात्रण पत्र्याच्या ट्रंकेत, जमिनीच्या कागदांखाली, घडी घालून ठेवलेले असे. एम. ए.च्या त्या वर्षांत आम्ही ग्रामीण आणि दलित साहित्य वाचून पेटलेले होतो. दिवाळीच्या सुट्टीत घरी गेल्यावर आम्ही वडिलांना सरळ विचारले, की तुम्हाला आपल्या बापाच्या धंद्याची लाज वाटली का? त्यांनी वाद घातला नाही. "तू त्या नावानं वर्गात कधी उभा राहिलेला नाहीस," इतकेच ते म्हणाले आणि उठून गेले. या विषयावर आमचे बोलणे त्यानंतर झाले नाही.

त्याच काळात आम्हाला कुझ्नेत्सोव जमवण्याचा नाद लागला. हा छंद कसला, हे वाचकांना सांगणे अवघड आहे. जगात जिथे कुठे लोहाराचा मुलगा मोठा झालेला दिसेल तिथे त्याचे नाव वहीत टिपून ठेवायचे, आणि मनातल्या मनात वडिलांपुढे धरायचे : पाहा, यांनी नाव टाकले नाही. इतका साधा आणि इतका कोता तो हेतू होता. नावे मिळायला अडचण नव्हती. रशियातल्या अगदी सर्रास आढळणाऱ्या आडनावांपैकी हे एक आहे, जसे इंग्रजांचे स्मिथ, जर्मनांचे श्मिट, हंगेरियनांचे कोवाच. सगळ्यांचा अर्थ लोहारच. गावोगाव शेतकरी शेकड्यांनी होते, पण लोहार एखादाच असे. त्यामुळे 'लोहाराचा' म्हटले की माणूस नेमका कळे. प्रत्येक गावात एकच असल्यामुळे ओळखीचे ठरलेले नाव सगळ्या देशाचा हिशेब केला की सगळ्यांत सामान्य नावांत जाऊन बसते, हा त्यातला विनोद. दक्षिणेकडे आणि युक्रेनकडे लोहाराला 'कोवाल' म्हणतात. त्यावरून कोवाल्योव हे आडनाव होते. गोगोलच्या 'नाक' या कथेत ज्याचे नाक हरवते तो मिजासखोर कोवाल्योव अर्थाने लोहाराचाच आहे, हे आम्हाला कथा दोनदा शिकवून झाल्यावर कळले.

आमच्या वहीत सैनिक आणि खेळाडू जास्त भरले. ते स्वाभाविकही आहे, कारण या दोन धंद्यांत माणसाचे आडनाव हेच त्याचे पहिले नाव होते. ते यादीत छापले जाते, फलकावर लागते, स्मारकावर कोरले जाते. परंतु आडनाव असे सामान्य असले की नुसते 'कुझ्नेत्सोव' म्हणून भागत नाही. वहीतले पहिले दोन वीर दोघेही निकोलाय कुझ्नेत्सोव होते, दोघेही दुसऱ्या महायुद्धातले आणि दोघांनाही सोव्हिएत संघाचा वीर हा किताब मिळालेला. त्यांना वेगळे ओळखायचे तर बापाचे नाव विचारावे लागते. एक निकोलाय गेरासिमोविच, म्हणजे गेरासिमचा मुलगा. दुसरा निकोलाय इवानोविच, म्हणजे इवानचा मुलगा. रशियन कादंबऱ्या वाचताना विद्यार्थी या नावांना कंटाळतात. आम्ही त्यांना सांगतो की तुमच्या ओळखपत्रावरही मधोमध बापाचेच नाव आहे, त्यामुळे जगात ही सोय समजायला सगळ्यांत कमी अडचण मराठी माणसाला यावी.

निकोलाय गेरासिमोविच हा आरमारातला. १९०४ मध्ये अर्खांगेल्स्ककडच्या एका खेड्यात शेतकऱ्याच्या घरी त्याचा जन्म झाला. १९१९ मध्ये वयात दोन वर्षे वाढवून सांगून तो नौदलात शिरला आणि १९३९ मध्ये, वयाच्या चौतिसाव्या वर्षी, सगळ्या सोव्हिएत आरमाराचा प्रमुख झाला. २१ आणि २२ जून १९४१ च्या मधल्या रात्री त्याने आपल्या आरमारांना सर्वोच्च सज्जतेचा हुकूम दिला. पहाटे जर्मनीने हल्ला केला तेव्हा भूदल आणि विमानदल झोपेत सापडले, आरमार जागे होते. पहिल्या दिवशी त्याची एकही युद्धनौका बुडाली नाही. अशा माणसाला १९४८ मध्ये, युद्धकाळात मित्रराष्ट्रांना शस्त्रांची माहिती पुरवल्याच्या आरोपावरून, पदावरून उतरवून रिअर ॲडमिरल करण्यात आले. त्याच्याबरोबरचे तीन ॲडमिरल तुरुंगात गेले. १९५१ मध्ये त्यालाच पुन्हा बोलावून नौदलमंत्री केले. १९५५ च्या ऑक्टोबरात सेवास्तोपोलच्या बंदरात 'नोवोरोस्सिस्क' ही युद्धनौका स्फोटाने बुडून सहाशेहून अधिक माणसे मेली, आणि पुढच्या फेब्रुवारीत कुझ्नेत्सोवला पुन्हा खाली आणून व्हाइस ॲडमिरल म्हणून घरी बसवले. सेवेत परतण्याचा हक्कही काढून घेतला.

इथे आम्हाला नावांचा एक खेळ दिसला. १९४८ मध्ये देशाच्या शिखरावर जो होता त्याचे जन्मनाव जुगाश्विली. 'स्तालिन' हे त्याने स्वतः घेतलेले नाव, आणि त्यात 'स्ताल' म्हणजे पोलाद आहे. त्याच्या परराष्ट्रमंत्र्याचे मूळ आडनाव स्क्र्याबिन, घेतलेले नाव मोलोतोव. त्यात 'मोलोत' म्हणजे हातोडा. पोलाद आणि हातोडा ही दोन्ही नावे पसंत करून घेतलेली होती. जन्माने लोहाराचे नाव घेऊन आलेला माणूस त्या दोघांच्या राज्यात दोन पायऱ्या वर आणि तीन पायऱ्या खाली होत राहिला. घरी बसल्यावर त्याने आठवणी लिहिल्या. 'पूर्वसंध्येला' अशा अर्थाच्या नावाचे त्याचे पुस्तक १९६६ मध्ये आले. १९७४ मध्ये तो वारला तेव्हा त्याचे पद व्हाइस ॲडमिरल हेच होते. त्याचे सर्वोच्च पद त्याला परत मिळाले ते जुलै १९८८ मध्ये, मृत्यूनंतर जवळजवळ चौदा वर्षांनी.

मग एका विमानवाहू जहाजाला त्याचे नाव दिले गेले. त्या जहाजाची कथाही ऐकण्यासारखी आहे. १९८२ मध्ये बांधणी सुरू झाली तेव्हा त्याचे नाव 'रिगा' होते. त्याच वर्षी ब्रेझनेव्ह वारले म्हणून ते 'लिओनिद ब्रेझनेव्ह' झाले. ब्रेझनेव्हचे दिवस फिरल्यावर १९८७ मध्ये 'त्बिलिसी' झाले आणि १९९० मध्ये 'ॲडमिरल कुझ्नेत्सोव'. रिगा आणि त्बिलिसी ही दोन्ही शहरे पुढे वर्षभरात देशाबाहेरच गेली, त्यामुळे लोहाराचेच नाव काय ते टिकले. अलीकडच्या काळात हे जहाज दुरुस्तीला गेले. २०१८ मध्ये त्याची तरंगती गोदी त्याच्याखालून बुडाली आणि २०१९ मध्ये त्यावर आग लागली. नाव टिकले म्हणजे दैव टिकते असे नाही.

दुसरा निकोलाय, म्हणजे इवानोविच, हा हेर. उरलकडच्या एका खेड्यात १९११ मध्ये जन्मलेला. त्याचे पाळण्यातले नाव निकानोर, 'निकोलाय' हे त्याने विशीत स्वतः घेतलेले. भाषांचे त्याला विलक्षण अंग होते. जर्मन तो जर्मनासारखी बोले, शिवाय एस्पेरांतो आणि कोमी लोकांची भाषाही त्याला येई. १९४२ मध्ये तो विमानातून व्याप्त युक्रेनमध्ये उतरला आणि रोव्नो शहरात पाउल सीबर्ट नावाचा जर्मन अधिकारी होऊन वावरू लागला. जंगलातल्या साथीदारांत त्याचे आणखी एक रशियन टोपणनाव होते. नोव्हेंबर १९४३ मध्ये त्याने एका जर्मन जनरलला पळवण्यात भाग घेतला आणि व्याप्त युक्रेनच्या सर्वोच्च न्यायाधीशाला ठार केले. फेब्रुवारी १९४४ मध्ये ल्विवमध्ये त्याने गालिसियाच्या उपराज्यपालाला मारले आणि मार्चमध्ये युक्रेनियन बंडखोर सेनेशी पडलेल्या गाठीत तो स्वतः मारला गेला. वय तेहतीससुद्धा पुरे नव्हते.

या माणसाच्या नावाचा शेवट आम्हाला बराच काळ अस्वस्थ करीत राहिला. सोव्हिएत काळात रोव्नोच्या परिसरात अणुवीज केंद्राजवळ नवे शहर वसवले, त्याला त्याच्यावरून कुझ्नेत्सोव्स्क हे नाव दिले. ल्विवमध्ये त्याचा पुतळा उभा होता. सोव्हिएत संघ गेला आणि युक्रेनमधल्या अनेकांना तो मुक्तिदात्याऐवजी मॉस्कोच्या गुप्त पोलिसांचा माणूस दिसू लागला. ल्विवचा पुतळा १९९२ मध्ये त्याच्या मूळ मुलखात, तालित्सा या गावी, नेला गेला. २०१६ मध्ये कुझ्नेत्सोव्स्कचे नाव बदलून वराश झाले. ज्या गावावर ते शहर वसले त्याचेच हे जुने नाव. एकेकाळी आम्ही या बातमीपुढे वहीत 'कृतघ्नता' असा शब्द लिहिला असता. २०१६ मध्ये तसा लिहवेना. ज्यांच्या गावाचे नाव पुसून कुझ्नेत्सोव आला होता त्यांनी ते परत घेतले, एवढेच त्यात होते. २०२२ मध्ये रशियाने युक्रेनवर आक्रमण केल्यानंतर तर या सगळ्या नावांकडे नुसत्या कौतुकाने पाहणे आणखीच कठीण झाले.

वहीत दोन वासिलीही आहेत. वासिली इवानोविच कुझ्नेत्सोव हा जनरल, १८९४ चा, झारच्या सैन्यातून लाल सैन्यात आलेला. १९४१ च्या उन्हाळ्यात सरहद्दीवर त्याचे सैन्य वेढ्यात सापडले. १९४५ च्या वसंतात ज्या तिसऱ्या आघात सेनेच्या माणसांनी बर्लिनच्या राइखस्टागवर झेंडा लावला तिचा सेनापती तोच होता. झेंडा लावणारे म्हणून येगोरोव आणि कांतारिया ही दोन शिपायांची नावे शाळकरी मुलांना पाठ झाली. सेनापतीचे नाव मात्र त्या मानाने कोणाच्या लक्षात नाही. सैन्यात असे उलटे क्वचित घडते म्हणून आम्हाला ते आवडते.

दुसरा वासिली दमित्रियेविच, दहा प्रकारांच्या शर्यतीतला, म्हणजे डेकॅथलॉनमधला खेळाडू. धावणे, उड्या, गोळा, थाळी, भाला असे सगळे दोन दिवसांत करावयाचे. अठरापगड कामे एकाच माणसाकडून करून घेणारा हा खेळ लोहाराच्या मुलाला शोभतो, असे आम्ही तेव्हा लिहून ठेवले होते. १९५८ मध्ये तेव्हाच्या गणनेप्रमाणे ८००० गुणांपलीकडे जाऊन त्याने ८०१४ गुणांचा विश्वविक्रम केला. दोनच महिन्यांनी मॉस्कोत, त्याच्याच लोकांसमोर, अमेरिकेच्या रेफर जॉन्सनने ८३०२ गुण करून तो मोडला. शीतयुद्धाचे ऐन दिवस होते, तरी मॉस्कोच्या प्रेक्षकांनी त्या कृष्णवर्णीय अमेरिकन तरुणासाठी टाळ्या वाजवल्या. पुढच्या वर्षी कुझ्नेत्सोवने ८३५७ गुणांनी विक्रम परत आणला आणि १९६० मध्ये जॉन्सनने तो पुन्हा नेला. रोमच्या ऑलिंपिकमध्ये जॉन्सनला सुवर्ण, तैवानच्या यांग चुआन-क्वांगला रौप्य आणि कुझ्नेत्सोवला कांस्य मिळाले. १९५६ मध्ये मेलबर्नलाही त्याला कांस्यच मिळाले होते. दोन ऑलिंपिक, दोन कांस्यपदके. तीन वेळा तो युरोपचा विजेता होता, पण ऑलिंपिकचे सुवर्ण त्याला नव्हते.

आणि ज्या मुलीपासून हे सुरू झाले ती स्वेतलाना? तिचे घर सायकलपटूंचे. आई गालिना त्सार्योवा सायकलिंगमधली अनेकदा जगज्जेती, वडील अलेक्सांद्र कुझ्नेत्सोव नामांकित प्रशिक्षक, आणि भाऊ निकोलाय (आमच्या वहीतला तिसरा निकोलाय) १९९६ च्या अटलांटा ऑलिंपिकमध्ये सांघिक पाठलाग शर्यतीत रौप्यपदक मिळवणारा. ही मुलगी सायकलवर बसली नाही. ती किशोरवयात टेनिस शिकायला बार्सेलोनाला गेली. म्हणजे लोहाराच्या नावाच्या या घरातही घरचा धंदा होताच, आणि मुलीने तो सोडला होता. हे आम्ही २००४ मध्येच वाचले होते. वहीत लिहून ठेवले होते. आपण वडिलांशी ज्यावरून भांडलो ते हेच, हे मात्र तेव्हा आमच्या ध्यानात आले नाही.

२००९ मध्ये तिने पॅरिसला दिनारा साफिनाला हरवून दुसरी मोठी स्पर्धा जिंकली. आम्हाला तिचा सगळ्यांत जास्त लक्षात राहिलेला सामना मात्र ती हरलेली आहे. जानेवारी २०११ मध्ये मेलबर्नला इटलीच्या फ्रांचेस्का स्क्यावोनेशी ती ४ तास ४४ मिनिटे खेळली. तिसरा डाव १६-१४ पर्यंत गेला. मोठ्या स्पर्धांमधला महिलांचा तोपर्यंतचा सर्वांत लांब सामना तो. आम्ही त्या वेळी कनिष्ठ महाविद्यालयात तासिका तत्त्वावर शिकवीत होतो, आणि शिक्षक-कक्षात बसून तो सामना अर्धा पाहिला. शेवटी दोघी चेंडू मारताना ज्या रीतीने श्वास सोडीत होत्या तो आवाज आम्ही आधी कुठे ऐकला आहे हे आठवायला वेळ लागला. आजोबांच्या लोहारशाळेत घण उचलणारा गडी तसाच श्वास सोडी. 'साधी माणसं' या १९६५ च्या चित्रपटामुळे मराठी माणसाच्या मनात लोहाराचा भाता सुरेल झालेला आहे. खऱ्या भात्याजवळ सूर नसतो. तिथे धाप असते.

खेळाडूच्या बाबतीत 'कोणाचा?' या प्रश्नाला देशाचे नाव हे उत्तर असते असे आपण धरून चालतो. पाण्यात उडी मारणारा येवगेनी कुझ्नेत्सोव २०१२ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये जोडीदाराबरोबर रशियाच्या नावावर रौप्यपदक मिळवून गेला. उत्तेजक द्रव्यांच्या प्रकरणानंतर २०२१ मध्ये तो टोकियोत उतरला तेव्हा रशियाचा ध्वज आणि राष्ट्रगीत यांना बंदी होती आणि संघाच्या नावात देशाचे नाव नव्हते. त्याच्या नावापुढची 'कोणाचा' ही जागा त्या वेळी तीन अक्षरांच्या एका संक्षेपाने भरली होती. आडनावातला 'ओव' मात्र तसाच होता. त्याला कोणाची परवानगी लागत नाही.

इतके कुझ्नेत्सोव जमवूनही आमचा मूळ प्रश्न तिथेच राहिला असता. तो हलवला एका अशा कुझ्नेत्सोवने जो सैनिकही नव्हता आणि खेळाडूही नव्हता. अनातोली कुझ्नेत्सोव हा लेखक कीवचा, १९२९ चा. जर्मन आले तेव्हा तो बारा वर्षांचा होता, आणि बाबी यारच्या दरीजवळच राहत होता. सप्टेंबर १९४१ मध्ये तिथे दोन दिवसांत तेहतीस हजारांहून अधिक ज्यूंना गोळ्या घालण्यात आल्या. त्या दिवसांवर त्याने लिहिलेले 'बाबी यार' १९६६ मध्ये मॉस्कोतल्या एका मासिकात आले, पण परीक्षकांनी खूप कापून. १९६९ मध्ये तो लंडनला गेला आणि परतलाच नाही. मूळ हस्तलिखिताच्या फिल्म त्याने कोटात शिवून नेल्या होत्या. संपूर्ण पुस्तक पुढे पश्चिमेत प्रसिद्ध झाले तेव्हा त्यावर लेखकाचे नाव होते 'अ. अनातोली'. कुझ्नेत्सोव या नावाने छापलेले कापीव लेखन आपले नाही असे सांगून त्याने ते आडनावच खाली ठेवले.

हे आम्ही वाचले ते वर्गात साहित्य आणि नियंत्रण या विषयावर बोलायची तयारी करताना. वाचून झाल्यावर पुस्तक मिटले आणि बराच वेळ तसेच बसलो. या माणसाने बापाचे नाव टाकले असे त्याच्याविषयी कोणी म्हणणार नाही. ज्या नावावर दुसऱ्यांनी आपल्याला हवे ते लिहून ठेवले होते ते नाव त्याने त्यांच्याकडेच राहू दिले आणि आपले खरे सांगायला दुसरे घेतले. तालुक्याच्या वर्गात ज्या नावावर मूठ आपटली जात होती त्या नावावरही दुसऱ्यांनीच लिहिलेले होते. आमच्या वडिलांनी नाव बदलले, पण आजोबांची ऐरण विकू दिली नाही. दरवर्षी खंडेनवमीला ते गावी जाऊन तिला हळदकुंकू वाहत. हे आम्हाला माहीत होते. वादाच्या दिवशी ते आम्ही जमेस धरले नाही.

वडील वारले तेव्हा त्यांच्याशी हे बोलायचे राहून गेलेले होते. 'बाबी यार' आमच्या हातात आले त्याच्या आधी आठ महिने ते गेले होते. त्यामुळे आम्ही त्यांना काही सांगू शकलो नाही, आणि सांगितले असते तरी ते कदाचित "बरं" म्हणून उठून गेले असते.

वर्षश्राद्धाला गावी गेलो. पारावर एक म्हातारे गृहस्थ बसले होते. आमच्याकडे निरखून पाहत त्यांनी विचारले, "तुमी कुनाचं म्हनायचं?" आम्ही सवयीने हजेरीपटावरचे नाव सांगितले. त्यांच्या चेहऱ्यावर काही उमटले नाही. गावाचे नाव गावालाच सांगितल्यावर काय उमटणार? मग आम्ही वडिलांचे नाव सांगितले, मागून आजोबांचे सांगितले. मधले नाव आणि त्याच्या मागचे नाव, रशियन कादंबरीत सांगतात तसे.

"म्हंजी लोहाराचं की!" म्हातारे म्हणाले आणि बाजूला सरकून त्यांनी आम्हाला पारावर जागा करून दिली.

"हो," आम्ही म्हणालो, "लोहाराचा."